कॉफीच्या पिंपामागचा केक

होहेनरीड, २ जून १९८६

आई,

वर 'प्रिय' लिहिलेलं नाही. ते राहून गेलंय असं समजू नकोस. आधी लिहिलं होतं, पण पहिलाच शब्द खोटा नको म्हणून दुसरा कागद घेतला.

तुझं पत्र मिळालं. एकोणीस जुलैला पासाऊच्या नोंदणी कचेरीत तुझं लग्न आहे, मी यावं, आणि येणार की नाही ते संत उलरिखच्या जत्रेपर्यंत कळवावं, एवढं समजलं. घाई कसली, तर हॉटेलात खुर्च्या सांगून ठेवायच्या आहेत. म्हणजे मुलगी जवळ असावी असं काही नाही, खुर्ची रिकामी दिसायला नको एवढंच. कळवीन.

तू ज्यांच्याशी लग्न करतेयस त्या हर्र प्रोल यांच्याबद्दलचं पान एकदाच वाचलं. तुझ्या सुपाचं त्यांनी कौतुक केलं, पडद्यांचं केलं, आणि तुझा लाटांचा केक खाताना तर 'अप्रतिम' म्हणून डोळेच मिटले. पियानोचे सूर लावत फिरणाऱ्या मोठ्या माणसाने केक खाताना डोळे मिटावेत, हे मला जरा ओंगळ वाटलं. 'बावीस वर्षांत तुझ्या बाबांनी एकदा तरी म्हटलं का, चांगला झालाय म्हणून?' असं तू विचारतेस. नाही म्हटलं. बाबा डेअरीतून येतात, समोर येईल ते जेवतात, ताट पुसून घेतात आणि अंगणातल्या शेडमध्ये जातात. हे तुला लग्नाआधीही ठाऊक होतं. कौतुकाच्या एका शब्दावाचून घर सोडणारी बाई आमच्या गावात आजवर एकच निघाली.

केकचा विषय तूच काढलास म्हणून सांगते. काल प्रार्थना सुटल्यावर वाल्बुर्गा काकूंनी मला चर्चच्या पायऱ्यांवर गाठलं. जत्रेचं केकचं टेबल अजून त्यांच्याच ताब्यात आहे, आणि देवळाच्या किल्ल्या हाती असल्यासारख्या त्या अजून तशाच चालतात.

"रोझी, गेल्या वर्षी आम्ही काही बोललो नाही हं. घरात मयत झाली की एक वर्ष केक माफ असतो."

"आमच्याकडे कोणी मेलेलं नाही, काकू."

"तेच गं ते. आता यंदाचं बोल. आमची युट्टा म्हणते, मी करते लाटांचा केक. सून हौशी आहे. टेबलावर भोक थोडंच ठेवायचं?"

तुला नियम सांगायला नको. दर घराचा एक केक, तो दुसऱ्या घराने करायचा नाही. एकदा जागा गेली की गेली. ब्रेनरांची चीजकेकची जागा मी शाळेत असताना गेली. तेव्हापासून ते जत्रेला नुसत्या बशा आणतात, आणि लोक त्यांना अजून 'कागदी बशा आणणारे' म्हणतात. आमच्या घराबद्दल लोक जे बोलतात ते आधीच पुष्कळ आहे, त्यात बशांची भर नको.

"आमच्याकडून येईल," मी म्हटलं.

"तू करणार? तुला येतो?"

"येतो."

हे मात्र खोटं बोलले. चार वर्षांची असताना आकडे मी तुझ्या वजनकाट्यावर शिकले, पण वजन करण्यापलीकडे तू मला कधी जाऊ दिलं नाहीस. पीठ मोजून द्यायचं आणि बाजूला व्हायचं. आता बाजूला व्हायला कोणी नाही. सहा जुलैच्या जत्रेपर्यंत शिकायचं आहे.

कोणत्याही सूचना पाठवू नयेत.

रोझिना


होहेनरीड, ११ जून

आई,

सूचना पाठवू नयेत असं स्पष्ट लिहिलं होतं, तरी चार पानं आली, दोन्ही बाजूंनी भरलेली. खाली अधोरेखित: 'चेरी अगदी कोरड्या निथळून घे, थेंबही राहता कामा नये.' एवढ्या काळजीने तू मला निरोपाचं पत्रसुद्धा लिहिलं नव्हतंस. ते अर्धं पान होतं, आणि त्यातलं निम्मं कपडे धुवायच्या यंत्राबद्दल.

चारही पानं शेगडीत टाकली, असं आता लिहिणार होते. टाकलेली नाहीत. कणकीच्या डब्याखाली आहेत.

शनिवारी पहिला प्रयत्न केला. ट्रेमध्ये खाली पांढरं पीठ, वर कोकोचं, त्यावर चेरी. तळघरात तू जाताना ठेवून गेलेल्या बरण्या अजून आहेत. घरातलं तेवढंच तू मोजून नेलं नाहीस. चेरी भट्टीत आपोआप खाली बुडाल्या आणि कापल्यावर लाटा दिसल्या. इथपर्यंत मला स्वतःचा जरा अभिमान वाटला, हेही लिहून टाकते. मग वरची लोण्याची मलई फाटली. फेटताना एकदम दाणे सुटले, पाणी वेगळं, लोणी वेगळं. त्यावर चॉकलेट ओतलं तर ते घरंगळून एका कोपऱ्यात जमा झालं. भट्टी बंद केली की नाही हे बघायला मी तीनदा परत गेले आणि तिन्ही वेळा तो कोपरा पाहावा लागला.

बाबांनी खाल्ला. ताट पुसलं आणि शेडमध्ये गेले.

सोमवारी युट्टा चाळणी मागायला आली. त्यांच्या घरी चाळण्या नाहीत असं नाही.

"वास छान येतोय," ती म्हणाली, आणि मान लांब करून माझ्या खांद्यावरून आत बघत राहिली. "मलई जमली का गं? सासूबाई म्हणतात, त्यातच सगळं कळतं."

"त्यांना म्हणावं, चाळणी भोकांची आहे, परत आणली नाही तरी चालेल."

एरवी मी असं बोलत नाही. नंतर दुपारभर वाईट वाटत राहिलं, आणि तेही मला आवडलं नाही.

तुझी मदत मला नको आहे.

रोझिना

ता. क. तू लिहिलंस 'लोणी कोमट असावं.' कोमट म्हणजे कुणाचं कोमट? तुझ्या आंघोळीचं कोमट पाणी आम्हाला भाजायचं. विचारत नाहीये. चार पानं लिहिणाऱ्याने निदान नेमकं लिहावं, एवढंच.


होहेनरीड, २० जून

आई,

मलईतलं कस्टर्ड आणि लोणी दोन्ही सारखंच गार किंवा सारखंच गरम हवं, आणि ते मनगटाच्या आतल्या बाजूला लावून बघायचं, हे तू पहिल्याच पत्रात लिहायला हवं होतंस. चौथ्या पानावर पडद्यांबद्दल लिहायला जागा होती.

मलई जमली. फाटायला लागली की भांडं वाफेवर धरून फेटायचं, हेही जमलं. चॉकलेटमध्ये नारळाची चरबी तू सांगितलीस तेवढीच घातली, वर काट्याने लाटा ओढल्या, सुरी गरम पाण्यात बुडवून कापलं. तडा गेला नाही. तुझ्या चार पानांतलं एक अक्षरही मी सोडलं नाही, भट्टीची वेळसुद्धा. आता तो दिसायला, कापायला, चवीला तुझ्यासारखाच आहे. म्हणजे त्यात तुझं असं वेगळं काही नव्हतंच. कागदावर लिहून टपालाने पाठवता येण्याइतकंच होतं.

बाबांसमोर ठेवला. त्यांनी बराच वेळ त्याच्याकडे पाहिलं. ओळखीचं कोणी दारात उभं राहिल्यावर बघतात तसं. मग खाल्ला, ताट पुसलं. मी उभीच होते. मला काय हवं होतं कोण जाणे. ते उठले, खुर्ची आत सरकवली आणि गेले. मी सिंकपाशी जाऊन दोन बशा अशा आदळल्या की एकीचा टवका उडाला.

याचा अर्थ तुझं बरोबर होतं, असा काढू नकोस. मी बशा आदळल्या. मी पासाऊला गेले नाही.

रोझिना


होहेनरीड, १ जुलै

आई,

नको. जत्रेला येऊ नकोस. 'नुसती चॉकलेटपुरती मदत करीन, मागच्या दाराने येईन, कुणाला दिसणार नाही' हे तू लिहिताना हसली नाहीस का? या गावात मागच्या दाराने आलेली बाई पुढच्या दारातल्या सगळ्यांना आधी दिसते. आणि हर्र प्रोल गाडीत बसून राहतील म्हणे! त्यांनी तिथे बसून काय मिटावं, डोळे?

तुला काय हवंय ते मला कळतं. तुझा ट्रे रिकामा होताना तुला बघायचाय. दर वर्षी तू आत कपबशा धुवायला असायचीस, मी मुलांच्या खेळांपाशी, आणि दुपार होईपर्यंत तू दहादा तरी तिथलं दार किलकिलं करून टेबलाकडे बघायचीस. ट्रे संपला की घरी येईपर्यंत गुणगुणायचीस. लाटांचा केक सगळ्यात आधी संपतो, हे तू आम्हाला रात्री जेवताना सांगायचीस, जणू आम्ही दुसऱ्या गावचे.

यंदा काकूंनी मला टेबलामागे विकायला उभं केलंय. "हात कमी पडतात गं," म्हणाल्या. कमी पडत नाहीत. मी बघावं अशी त्यांची इच्छा आहे. बघीन.

लग्नाचं जत्रेनंतर कळवते. इतके दिवस थांबलीस, अजून पाच दिवस थांब.

रोझिना


होहेनरीड, ७ जुलै

आई,

हे पत्र लिहू नये असं सकाळपासून वाटतंय. बाबांनी 'आईला सांगू नको' असं म्हटलेलं नाही, पण 'सांग' असंही म्हटलेलं नाही. मी खूप विचार केला. एक खोटं तू नकळत बावीस वर्षं सांभाळलंस, ते आणखी वाढवायला मी मदत करणार नाही.

काल सकाळी ट्रे घेऊन गेले. काकूंनी तो घेतला, वास घेतला, आणि टेबलाच्या टोकाला, कॉफीच्या मोठ्या पिंपामागे ठेवला. "इथे सावली आहे, चॉकलेट वितळणार नाही." बाकीच्या बारा बायकांच्या चॉकलेटला सावली लागत नसावी.

लोक आले. सफरचंदाचा केक, खसखशीचा, मनुक्यांचा, सगळे जात होते. माझ्या केककडे लोक बघायचे, मग माझ्याकडे, मग घाईघाईने मनुक्यांकडे. आमच्या घरचं खाल्लं तर कुणाची तरी बाजू घेतल्यासारखं होईल, अशी भीती. मास्तरीणबाई हात पुढे करणार होत्या, तेवढ्यात त्यांना डॉक्टरांनी सांगितलेलं काहीतरी आठवलं. मी हसतमुख उभी होते. जागा गेली, हे मला अकरा वाजताच कळलं.

मग बँड थांबला. बाबा आपला मोठा पितळी ट्यूबा खुर्चीवर आडवा ठेवून बँडमधून थेट टेबलापाशी आले, हातात रिकामं ताट.

"रोझी, ताटभर दे."

"कुणासाठी?"

"बँडसाठी."

"त्यांनी मागितलाय?"

बाबा पिंपाकडे बघायला लागले. वाल्बुर्गा काकू शेजारून म्हणाल्या, "दे की गं त्यांना. आन्टोनचं हे दर वर्षीचंच आहे."

"काय दर वर्षीचं?"

"अगं, तेच. बँडला एक ताट, मग अग्निशामकवाल्यांना एक ताट, उरलेला स्वतः झाडामागे बसून. तुला काय वाटलं, एल्फ्रीडेचा, तुझ्या आईचा केक कोण खायचं? कॉफीत बुडवल्याशिवाय तो उतरायचा का घशाखाली? बँडवाले आन्टोनच्या तोंडाकडे बघून खायचे." मग माझा चेहरा बघून त्यांना वाटलं मला कमीपणा आला, म्हणून समजूत घालू लागल्या. "वाईट वाटून घेऊ नकोस. माझा केक माझा सेप घेतो. खसखशीवालीचा तिचा नवरा घेतो. नाहीतर टेबल रिकामं होतं कसं? ट्रे रिकामा परत गेला म्हणजे झालं, कोणी खाल्ला ते कोण विचारतंय?"

म्हणजे बघ, आई. सगळं गाव पिढ्यान्‌पिढ्या आपापल्या बायकांचे केक चर्चकडून विकत घेऊन खातंय, आणि ज्या घराची जागा जाते ती वाईट केकमुळे जात नाही, नवरा विसरल्यामुळे जाते. आणि या टेबलासाठी मी महिनाभर झोपले नव्हते. मला इतकी किळस आली की जागा जाण्याची भीतीच नाहीशी झाली.

"बाबा, मी तुम्हाला विकणार नाही."

"रोझी."

"नाही विकणार. ज्याला खावासा वाटतो त्याला विकीन."

काकूंनी आवाज खाली आणला. "वेडी आहेस का? ट्रे भरलेला गेला तर जागा गेली. मग मला काही करता येणार नाही. युट्टा टपून बसलीये."

"युट्टाला द्या. चाळणी तिच्याकडे आहेच."

मी ट्रे उचलला. दोन टोकं एकटीला आवरेनात, तो एका बाजूला कलला, आणि सगळं टेबल श्वास रोखून बघत राहिलं. तेव्हा बाबांनी दुसरं टोक धरलं.

"वर फडकं तरी टाका," काकू म्हणाल्या. खरंच कळवळून म्हणाल्या.

फडकं टाकलं नाही. एक तुकडाही न गेलेला केक आम्ही दोघांनी सभागृहातून, बँडसमोरून, कारंज्याच्या चौकातून, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत घरी आणला. बाबा उलटे चालत होते. मागे बँडने ट्यूबाशिवायच सुरुवात केली. खालचा सूर गेल्यामुळे ते गाणं पोकळ वाजत होतं. बाबांनी एकदाच तिकडे मान वळवली, पण टोक सोडलं नाही.

दारासमोरच्या बाकावर ट्रे ठेवून आम्ही बसलो. लोक घरी परतायला लागले होते. आम्ही त्यांच्यासमोरच खायला लागलो, काट्यांनी, ट्रेमधूनच. मी नीट चावून खाल्ला, पहिल्यांदाच. आजवर चाखून बघत होते ते तुझ्यासारखा झालाय की नाही हे बघायला. चांगला आहे की नाही, हे बघितलंच नव्हतं.

"बाबा, खरं सांगा. कसा आहे?"

ते बराच वेळ चावत राहिले. मग म्हणाले, "कोरडा आहे गं."

"आज झालाय?"

"पहिल्यापासूनच." मग काट्याने वरचा थर दाखवून, "वरचं चॉकलेट चांगलं असतं."

"मग का खायचात? इतकी वर्षं?"

"ती दार उघडून बघायची ना," ते म्हणाले. "ट्रे संपलाय का म्हणून." आणि त्यांनी हातातल्या काट्याने हवेत तुझं ते दार किलकिलं केलं. तुझा चेहरा तेव्हा कसा दिसायचा ते सांगायला त्यांच्याकडे शब्द नव्हते, हे मला दिसलं.

ते बोलले नाहीत, हे खरं आहे. त्यांच्या तोंडात तुझा केक होता.

हे वाचून तू रडशील, आणि हर्र प्रोल तुझ्या रडण्याचंही कौतुक करतील. मी हे तू परत यावंस म्हणून लिहीत नाहीये. परत येऊ नकोस; तुझी इथे आता टेबलावरसुद्धा जागा नाही. आणि बाबांना तुझ्याशिवाय फार वाईट चाललंय असंही नाही. मी लिहितेय ते एवढ्यासाठी, की ज्या गोष्टीवरून तू त्यांना कमी लेखलंस ती खरी नव्हती, आणि मीही गेली दोन वर्षं तुझ्याच नजरेने त्यांच्याकडे बघून वर तुलाच नावं ठेवत होते.

एकोणीस तारखेला मी येणार नाही. खुर्ची एक कमी सांग.

रोझिना


होहेनरीड, १२ जुलै

आई,

तुझं उत्तर अजून आलेलं नाही. त्याची वाट बघत नाहीये. या वेळी सूचना मी पाठवतेय, तूही मागितल्या नव्हत्यास.

चेरी कोरड्या निथळायच्या नाहीत. त्यांचा रस तू दर वेळी सिंकमध्ये ओतून द्यायचीस, तोच सगळा घोटाळा. थोडा रस खालच्या पिठात घालायचा, आणि भट्टीतून दहा मिनिटं आधी काढायचा. हे मला बाबांनी सांगितलं. उरलेला केक ते सोमवारी डेअरीत घेऊन गेले होते. तिथे त्यांनी प्रत्येकाच्या हातात एकेक तुकडा ठेवून विचारलं, "कोरडा आहे. काय करावं?" दूध तपासणारा हान्स म्हणाला अंडी वाढवा, ट्रकवाला म्हणाला दारू वाढवा, आणि शेवटी लोणी काढणाऱ्या म्हाताऱ्याने रसाचं सांगितलं. बाबा घरी आल्यावर चप्पल काढायच्या आधी मला हे सगळं सांगत होते. एवढं सलग बोलताना मी त्यांना पूर्वी पाहिलं नव्हतं. तूही पाहिलं नसशील.

वाल्बुर्गा काकू काल भेटल्या. मुद्दाम रस्ता ओलांडून आल्या आणि म्हणाल्या, पुढच्या वर्षी कागदी बशा आणायच्या असतील तर सांग. मी म्हटलं, बशा ब्रेनरांच्या आहेत, दुसऱ्याच्या घरची जागा आम्ही घेत नाही. त्यांना हे लागलं की आवडलं, ते कळलं नाही. पण सेपला घरी नेऊन त्या स्वतःचा केक खाऊ घालत असतील, या विचाराने मी हसले, आणि त्यांना वाटलं मी त्यांच्याकडे बघून हसले.

आज शनिवार. आम्ही पुन्हा केला. तळघरातली शेवटची बरणी संपवली, रस बाबांनी मोजून घातला, वाडग्यावर दोन्ही हात ठेवून, जसं काही मी तो हिसकावून सिंकमध्ये ओतणार होते. चॉकलेटवरच्या लाटाही त्यांनीच ओढल्या. ते लाटा कमी आणि नांगरलेलं शेत जास्त दिसतं. ट्रे कुठे न्यायचा नव्हता. आत्ता स्वयंपाकघरातच आहे, त्यांच्यासमोर.

पहिला घास घेऊन बराच वेळ झाला. ते काही बोलेनात, म्हणून हे लिहिता लिहिता मी विचारलं, "बाबा, कसा झालाय?"

त्यांनी काटा वर केला.

"थांब," ते म्हणाले. "अजून खातोय."

रोझिना